चार वाट्या

फ्रान्समधल्या आँजे शहराच्या खालच्या अंगाला मेन नदी ल्वार नदीला मिळते. तिथून ल्वारच्या काठाकाठाने गेलं की लहान लहान गावं लागतात. घरांच्या भिंती पांढऱ्या तुफो दगडाच्या, छपरं काळ्याभोर पाटीच्या दगडाची. अशाच एका गावात एका म्हातारीची खाणावळ होती. आठवडाभर तुरळक वाटसरू यायचे. रविवारी दुपारी मात्र शहरातून कुटुंबंच्या कुटुंबं जेवायला यायची. त्यांना दोन गोष्टी हव्या असायच्या: लोण्याच्या पांढऱ्या सॉसमधला नदीतला मासा, आणि जेवणाच्या शेवटी लाल फळांबरोबर गारेगार क्रेमे.

क्रेमे हा त्या आँजू प्रांताचा मानाचा पदार्थ. ताजं दाट क्रीम फेटायचं, अंड्यातलं पांढरं वेगळं फेटून त्याचा घट्ट फेस करायचा आणि दोन्ही हलक्या हाताने एकमेकांत मिसळायचं. भोकं असलेल्या चिनी मातीच्या साच्यात मलमलीचं कापड अंथरून त्यात हे मिश्रण ओतायचं आणि आपल्याकडे चक्का टांगतात तसं, थंड जागी ठेवून त्यातलं पाणी निथळू द्यायचं. दुसऱ्या दिवशी साचा ताटलीत उपडा करून कापड सोडवलं की पांढराशुभ्र, ढगासारखा हलका गोळा हाती येतो. त्याच्याभोवती स्ट्रॉबेरी, रासबेरी, जी फळं हंगामात असतील ती साखरेत मुरवून घालायची. क्युर्नोन्स्की या टोपणनावाने लिहिणारा फ्रान्सचा प्रसिद्ध खाद्यलेखक याच आँजे शहरात 1872 साली जन्मला. 1927 मध्ये त्याला खवय्यांचा राजपुत्र म्हणून निवडण्यात आलं. त्याने या क्रेमेला देवांच्या ताटात शोभणारा पदार्थ म्हटलं होतं.

म्हातारीची दोन नातवंडं तिच्याबरोबर स्वयंपाकघरात राबायची. ती तिला मेमे म्हणत. नात सव्वीस वर्षांची, हाताची चलाख, डोळ्यांची तीक्ष्ण. मासा ती बोट लावून पारखायची, सॉस फाटायच्या आधी तिला कळायचं. नातू एकोणीस वर्षांचा, बोलायला कमी. पण फळांच्या बाबतीत त्याचं नाक असं होतं की वाफ्याच्या या टोकाला उभं राहून त्या टोकाची कोणती स्ट्रॉबेरी आज खुडायची आणि कोणती उद्यावर ठेवायची, हे तो सांगायचा.

बहिणीचा भावावर फार जीव. लहानपणी शाळेच्या वाटेवर त्याचं दप्तर तिनेच वाहिलं होतं. आता दप्तर राहिलं नव्हतं, पण वाहण्याची सवय राहिली होती. त्याने कांदा चिरायला घेतला की ती म्हणायची, "दे इकडे, तुला वेळ लागेल." त्याने मीठ घातलं की ती चाखायची आणि आणखी चिमूटभर घालायची. कुणी त्याला काही विचारलं की उत्तर ती द्यायची. हे सगळं ती प्रेमाने करायची. पण होता होता असं झालं, की तो मुलगा पातेल्यात मीठ टाकायच्या आधी पातेल्याकडे न बघता बहिणीकडे बघू लागला.

मेमे हे पाहत होती. पण सांगून उमजणारी ही गोष्ट नाही, हे तिला ठाऊक होतं. ती वेळेची वाट बघत राहिली.

जून लागला. वाफ्यात गारिगेत जातीची स्ट्रॉबेरी शेवटच्या बहरात होती. लांबट, टोकदार, आंबटगोड, वासाची. एका शनिवारी मेमेने नातवाला सांगितलं, "उद्याचं क्रेमे तुझं. फळंही तुझी."

मुलाने संध्याकाळी क्रीम फेटायला घेतलं. थोड्या वेळाने बहीण आली. "हात दुखला असेल, दे," म्हणाली, आणि फेटणं तिनेच पुरं केलं. रविवारी पहाटे तो वाफ्यात गेला. दव सुकायच्या आत एकेक फळ देठासकट खुडून आणलं. देठ काढायच्या आधीच फळं धुतली, कारण देठ काढल्यावर धुतली तर पाणी आत शिरतं आणि चव पातळ होते. मग देठ काढून त्यांचे दोन-दोन भाग केले, बेताची साखर भुरभुरली आणि भांडं फ्रिजमध्ये ठेवलं. साखर फळातला रस हळूहळू बाहेर ओढते. तासाभराने फळं आपल्याच तांबड्या रसात पोहू लागली.

बहिणीने झाकण काढून चमचाभर चाखलं. थेट फ्रिजमधून काढलेलं फळ होतं ते, बर्फासारखं गार. "फिकंच आहे की!" ती म्हणाली. तिने आणखी साखर घातली. मग फळीवरची चौकोनी बाटली काढली. संत्र्याची लिकर, आँजेजवळच बनणारी क्वाँत्रो. तिने एक धार ओतली आणि नाक जवळ नेलं. गार भांड्यातून वास येईना. तिने आणखी ओतली. तरी येईना. वास येईपर्यंत ती ओतत राहिली.

दुपारी ताटल्या बाहेर गेल्या. फ्रिजमध्ये दबून बसलेली लिकर पाहुण्यांच्या तोंडातल्या उबेने एकदम जागी झाली. मोठ्यांच्या जिभेला चटका बसला, लहान मुलांनी चमचे खाली ठेवले. भरमसाट लिकर आणि साखरेने पातळ झालेला रस क्रेमेखाली शिरला आणि तो पांढरा गोळा एका अंगाला खचला. एक गृहस्थ निघताना भल्या मनाने म्हणाले, "लिकर छान होती हो."

पहाटे दवात भिजत खुडलेल्या स्ट्रॉबेरीबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. मुलगा मुकाट्याने ताटल्या विसळत राहिला.

बहीण म्हणाली, "बरं झालं मी लिकर घातली. नाहीतर फळाला काही चवच नव्हती."

मेमेने ते ऐकलं. सोमवारी खाणावळ बंद असायची. त्या दिवशी सकाळी तिने नातीला हाक मारली. "पोरी, चार वाट्या घे. सारख्या."

टेबलावर चार वाट्या मांडल्या. मेमेने वाफ्यातून नुकतीच आणलेली फळं सारखी चिरायला लावली, प्रत्येक वाटीत सारख्या वजनाने घालायला लावली, आणि प्रत्येकीवर एकेक चमचा साखर. मग तिने चौकोनी बाटली पुढे केली. "पहिल्या वाटीत काही घालू नकोस. दुसरीत कॉफीचा एक लहान चमचा. तिसरीत तसे चार. चौथीत तुला काल वाटली तेवढी."

नातीने घातली. वाट्या तासभर फ्रिजमध्ये राहिल्या. तोवर मेमेने बाटली हातात धरून तिची गोष्ट सांगितली.

"1849 साली आँजे शहरात आदोल्फ आणि एदुआर-झाँ क्वाँत्रो या दोघा भावांनी भट्टी घातली. ते फळांच्या लिकर करायचे, आपल्याकडच्या चेरीचीसुद्धा. पुढे एदुआर-झाँच्या मुलाने 1875 मध्ये ही संत्र्याची काढली. हिच्यात काय आहे सांग."

"संत्र्याचा रस," नात म्हणाली.

"रस नाही. सगळा खेळ सालीचा आहे. गोड संत्र्याची साल आणि कडू संत्र्याची साल. कडू संत्रं हातात घेऊन कुणी खात नाही, पण त्याच्या सालीत जे तेल असतं त्याचा वास दुसऱ्या कशाला नाही. त्या साली मद्यार्कात भिजवतात, तांब्याच्या भट्टीतून त्यांचा अर्क काढतात, मग साखर आणि पाणी. रंगाचा थेंब नाही बघ, पाण्यासारखी नितळ. शंभर भागांत चाळीस भाग मद्यार्क. एवढी ताकद आहे म्हणून तर चमच्याने मोजायची."

तासाने वाट्या बाहेर काढल्या. मेमेने त्या लगेच चाखू दिल्या नाहीत. "पंधरा मिनिटं थांब. गारठ्यात गोडवाही झोपतो आणि वासही. काल तू झोपलेल्या फळाला फिकं म्हणालीस."

मग दोन्ही नातवंडांना तिने चमचे दिले आणि म्हणाली, "डोळे मिटून खा. आणि एकच सांगा, स्ट्रॉबेरीची चव कोणत्या वाटीत सगळ्यात जास्त आहे?"

नातीला वाटलं, यात विचारायचं काय? जिच्यात लिकर नाही, तिच्यातच स्ट्रॉबेरीची चव जास्त असणार. तिने पहिली वाटी चाखली. गोड होती, स्वच्छ होती, पण गिळल्यावर मागे काही उरलं नाही. दुसरी चाखली, आणि ती थबकली. ती स्ट्रॉबेरीच होती, पण वाफ्यातली, उन्हात तापलेली. संत्र्याचा पत्ता लागत नव्हता. घास संपला तरी वास नाकात रेंगाळत होता. तिसऱ्या वाटीत दोन आवाज एकदम बोलत होते. एकदा स्ट्रॉबेरी वर, एकदा संत्रं वर. वाईट नव्हती, पण कुणाचं ऐकावं ते कळत नव्हतं. चौथीत स्ट्रॉबेरी उरलीच नव्हती. फळाचा तांबडा रंग रसात उतरला होता, फोडी फिकट आणि लिबलिबीत झाल्या होत्या, आणि जिभेवर नुसती आग.

दोघांनी एकदमच बोट ठेवलं. दुसरी वाटी.

"का?" मेमेने विचारलं.

नातीला सांगता येईना. मग मेमेच म्हणाली, "मद्यार्क हवेत चटकन उडतो. उडताना फळाचा वासही सोबत घेऊन नाकापर्यंत पोहोचवतो. चमचाभर असला की तो हमाल होतो, फळाचं ओझं वाहतो. वाटीभर असला की तो स्वतःच पाहुणा होऊन खुर्चीत बसतो आणि फळाला उभं ठेवतो. आपल्या आँजेच्या क्युर्नोन्स्कीचं म्हणणं काय होतं? ज्या वस्तूची जी चव, तीच ताटात लागली पाहिजे. तेव्हाच त्याला स्वयंपाक म्हणायचं. काल त्या गृहस्थांनी कशाचं कौतुक केलं?"

"लिकरचं," नात हळूच म्हणाली.

"आणि क्रेमे कुणाचं होतं? फळं कुणाची होती?"

नातीने भावाकडे पाहिलं. तो खाली मान घालून चौथ्या वाटीकडे बघत होता. तिच्या मनात एकदम लख्ख झालं. मेमे लिकरबद्दल बोलतच नव्हती. दप्तर, कांदा, मीठ, क्रीम, एकेक गोष्ट तिला आठवली. इतकी वर्षं आपण भावाच्या वाटीत चौथ्या वाटीएवढी लिकर ओतत आलो, हे तिला कळलं. ती उठून मागच्या अंगणात गेली आणि बराच वेळ आत आली नाही.

त्या दिवसापासून ती बदलली. पण दुखावलेलं माणूस बदलतं तेव्हा एका टोकावरून सुटून दुसऱ्या टोकाला जातं. तिने भावाच्या कामाकडे पाठ फिरवली. त्याने विचारलं तरी म्हणायची, "तुझं तू बघ." तिच्या मनात राग नव्हता. आपला हात लागला की बिघडतं, असं तिने ठरवून टाकलं होतं.

पुढच्या शनिवारी उकाडा होता. मुलगा क्रीम फेटायला बसला. भांडं गार केलेलं नव्हतं आणि क्रीमही बराच वेळ बाहेर राहिलं होतं. क्रीम फुललं, घट्ट झालं. थांबायची वेळ आली आणि गेली. त्याला ती कळली नाही, कारण आजवर त्या वेळेला फेटणी नेहमी बहिणीच्या हातात असायची. तो फेटत राहिला. क्रीम रवाळ झालं, पिवळसर झालं, आणि पाहता पाहता लोणी सुटून ताक वेगळं झालं. बहीण दोन हातांवर भाजी निवडत होती. तिने सगळं पाहिलं. ओठ घट्ट मिटून घेतले आणि पालेभाजीवरची नजर हलवली नाही.

दुसरं क्रीम आणायला दुकान उघडं नव्हतं. रविवारी पाहुण्यांना क्रेमे मिळालं नाही, नुसती स्ट्रॉबेरी मिळाली. मुलाने गेल्या खेपेच्या भीतीने बाटलीला हातही लावला नव्हता आणि फळं फ्रिजमधून काढून थेट टेबलावर पाठवली होती. लोकांनी खाल्ली. "गोड आहेत," म्हणाले, आणि कॉफी मागवली.

रात्री मेमेने नातीला जवळ बसवलं. "क्रीमचं लोणी होताना तू पाहिलंस?"

"पाहिलं."

"बोलली का नाहीस?"

"तूच तर शिकवलंस ना, मेमे! मी हात घातला की त्याचं त्याला काही उरत नाही."

मेमे म्हणाली, "मी वाट्या किती मांडल्या होत्या?"

"चार."

"पहिली कशी लागली होती, आठवतं? तिच्यात काहीच नव्हतं. म्हणून ती चांगली झाली होती का? आजची फळं तशीच झाली. चौथी वाटी चुकली म्हणून तू पहिलीकडे धावलीस. मी दोघांना बोट ठेवायला सांगितलं, तेव्हा तुझं बोट कुठे होतं?"

नात गप्प बसली. मेमेने मग तिला स्ट्रॉबेरीचीच एक जुनी हकिकत सांगितली.

"आपण जी मोठी स्ट्रॉबेरी खातो ना, ती पूर्वी जगात नव्हती. युरोपच्या रानात होती ती बोराएवढी. 1714 साली आमेदे-फ्राँस्वा फ्रेझिये नावाचा आपल्या राजाच्या लष्करातला एक अभियंता दक्षिण अमेरिकेतल्या चिलीहून परतला. तिथे त्याने फार मोठ्या फळाची स्ट्रॉबेरी पाहिली होती. तिची मोजकी रोपं त्याने सहा महिन्यांच्या समुद्रप्रवासात जगवून इकडे आणली. बागांमध्ये लावली. रोपं फोफावली, फुलं आली, पण फळ काही धरेना. का? तर त्याने आणलेली सगळी रोपं मादी फुलांची होती. परागकण द्यायला कुणी नव्हतं. माती चांगली, पाणी चांगलं, रोप धडधाकट, तरी वांझ. पुढे ब्रेताञच्या आणि इतर ठिकाणच्या बागांत तिच्या शेजारी उत्तर अमेरिकेतली व्हर्जिनियाची स्ट्रॉबेरी लागली. तिचे चिमूटभर परागकण माश्यांनी इकडे आणले, आणि चिलीच्या रोपाला फळं धरली. त्या दोघींच्या संकरातून आपली आजची स्ट्रॉबेरी आली. आंत्वान निकोला द्युशेन नावाच्या विशीही न गाठलेल्या पोराने 1766 मध्ये पुस्तक लिहून हे जगाला समजावून सांगितलं."

नात ऐकत होती.

"आता बघ," मेमे म्हणाली, "शेजारणीने जर म्हटलं असतं, माझा काय संबंध, तिचं ती बघेल, तर त्या रोपाला कधी फळ धरलं नसतं. आणि शेजारीण जर पसरत पसरत त्याच वाफ्यात मुळं रोवून बसली असती, तर रोपच उरलं नसतं. तिने दिलं ते चिमूटभर, आणि फूल उमललेलं असताना दिलं. मग फळ धरलं ते त्या रोपाच्या आपल्या देठावर. पोरी, चमचा लहान ठेव; पण चमचा फेकून देऊ नकोस."

तिसरा रविवार आला. शनिवारी संध्याकाळी मुलगा फेटायला बसला. बहीण त्याच्या समोर माशाच्या सॉससाठी छोटे गावठी कांदे चिरत होती. "भांडं?" तिने नुसतं विचारलं. तो क्षणभर थांबला, उठला आणि भांडं व क्रीम दोन्ही फ्रिजमध्ये ठेवून आला. अर्ध्या तासाने फेटायला लागला. क्रीम फुलत आलं. बहिणीच्या हाताला तिच्याही नकळत फेटणीची ओढ लागली. तिने सुरीची मूठ घट्ट धरली. क्रीमची वेळ जवळ आली तशी ती म्हणाली, "फेटणीची रेघ राहते का बघ."

त्याने फेटणी उचलली. क्रीमवर तिची रेघ उमटली होती आणि विरत नव्हती. तो थांबला. त्याचं त्याला कळलं, की थांबायची वेळ म्हणजे ही. त्याने अंड्याचा फेस हलक्या हाताने त्यात मिसळला, साचे भरले आणि थंड जागी ठेवले.

रविवारी सकाळी फळं चिरून झाली, साखर घालून झाली. बहिणीने चौकोनी बाटली आणि कॉफीचा लहान चमचा त्याच्याजवळ आणून ठेवला आणि ती आपल्या शेगडीकडे गेली. त्याने वाट्यांच्या हिशेबाने माप घेऊन लिकर घातली, तासाभराने नाक जवळ नेलं. गार भांड्यातून वास आला नाही. त्याचा हात पुन्हा बाटलीकडे गेला.

"तळहातावर घेऊन बघ," शेगडीकडून आवाज आला.

त्याने रसाचे चार थेंब तळहातावर घेतले. हाताच्या उबेने ते जागे झाले आणि स्ट्रॉबेरीचा वास वर आला. त्याने बाटलीला बूच लावून ती फळीवर ठेवून दिली. वाढायच्या पंधरा मिनिटं आधी फळं बाहेर काढून ठेवायला त्याला कुणी सांगावं लागलं नाही.

दुपारी ताटल्या गेल्या. थोड्या वेळाने बाहेरच्या एका वयस्कर बाईंनी विचारलं, "ही स्ट्रॉबेरी कुणाच्या बागेतली?" बहीण दाराजवळ होती. उत्तर तिच्या ओठांवर आलं होतं. तिने ते गिळलं आणि भावाला हाक मारली. मुलगा पुसण्याला हात पुसत बाहेर आला. आधी अडखळला. मग गारिगेतबद्दल बोलू लागला, पहाटे का खुडायची, देठ कधी काढायचा, कोणतं फळ उद्यावर ठेवायचं. बोलता बोलता त्याला भान राहिलं नाही. टेबलावरची मुलंसुद्धा ऐकत होती, आणि त्यांच्या ताटल्या चाटूनपुसून स्वच्छ होत्या.

त्या दिवशी आणखी एक गोष्ट झाली. इतके महिने भावाच्या पातेल्यावर डोळा ठेवताना बहिणीचं आपल्या शेगडीवर पुरतं लक्ष नसायचं. त्या रविवारी ते होतं. माशाचा पांढरा सॉस असा जमला की मेमेने स्वतः पावाच्या तुकड्याने भांडं पुसून खाल्लं.

संध्याकाळी नात मेमेला म्हणाली, "खरं सांगू? मला थोडं वाईटही वाटलं. त्या बाईंनी त्यालाच विचारलं, त्याचंच कौतुक केलं."

मेमेने विचारलं, "आज कुणी लिकरचं नाव काढलं?"

"नाही."

"म्हणजे माप बरोबर पडलं."

नात हसली. तिला ते पटलं होतं. भाऊ त्या वेळी पुढच्या रविवारी रासबेरी घ्यायची की नाही, ते स्वतःच ठरवत होता. रासबेरीला किती साखर लागेल, हे विचारायला तो बहिणीकडे आला. तिने आकडा सांगितला नाही. "चाखून बघ, मग मला सांग," म्हणाली. तो चाखायला गेला.

गोष्ट आँजूची आहे, पण ती चौथी वाटी आपल्याही घरात असते. मुलाचा शाळेतला प्रकल्प रात्री जागून आईवडील पूर्ण करतात आणि सकाळी त्याच्या हातात देतात. नवी सून पोळी लाटायला घेते आणि तिच्या हातातलं लाटणं कुणीतरी मायेने काढून घेतं. कार्यालयात नवखा माणूस अहवाल लिहितो आणि जुना जाणता त्यातलं एकही वाक्य त्याचं ठेवत नाही. हे सगळे भल्या मनाचे लोक असतात. म्हणून तर त्यांना थांबवणं अवघड जातं. काम सुबक होतं, पण ज्याचं काम होतं तो माणूस त्यातून विरघळून जातो. आणि पहिली वाटीही आपल्याकडे आहेच. "आम्हाला कुणी शिकवलं होतं? त्याचं तो शिकेल," असं म्हणून जाणती माणसं डोळ्यांदेखत कुणाला तरी अपयशी होऊ देतात आणि त्यालाच स्वावलंबनाचं शिक्षण म्हणतात.

दुसऱ्या वाटीला कष्ट पडतात. तिथे समोरच्या माणसाकडे नीट बघत राहावं लागतं, त्याला काय येतं आणि कुठे अडतंय हे ओळखावं लागतं, नेमक्या वेळी नेमका एक शब्द द्यावा लागतो आणि मग आपला हात आवरावा लागतो. सगळं करून टाकणं किंवा काहीच न करणं, दोन्ही याहून सोपं आहे. पण माणसं वाढतात ती या दुसऱ्या वाटीतच.

तात्पर्य: मदत अवश्य करावी, पण एवढीच करावी की ज्याला केली त्याचाच गुण उजळून दिसावा. जिच्यात आपलंच नाव गाजतं ती मदत जास्त झाली, आणि जी वेळेवर दिली नाही ती कमी पडली.